पुरुषांची ५० मीटर फ्रीस्टाइल: बडोदेकरांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पॅरिसचं ऑलिंपिक झालं, सिंगापूरची जागतिक स्पर्धा झाली आणि २०२५ च्या सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये आशियाई जलक्रीडा स्पर्धा तर शेजारी अहमदाबादलाच भरली. तेव्हापासून दांडियाबाजार, वाडी, राजमहाल रोडकडच्या मराठी घरांतून पोहण्याच्या या सर्वांत छोट्या शर्यतीबद्दल तेच ते प्रश्न येतात. त्यांची उत्तरं इथे एका जागी दिली आहेत. काही उत्तरं लांबली आहेत, कारण तिथे सांगण्यासारखं खरंच खूप आहे.

ही शर्यत असते तरी किती वेळाची?

साधारण एकवीस सेकंदांची. मोठ्या तलावाच्या एका टोकावरून सूर मारायचा आणि समोरच्या भिंतीला हात लावायचा. वळण नाही, परतफेरी नाही. पॅरिसमध्ये २ ऑगस्ट २०२४ ला फायनल झाली. ऑस्ट्रेलियाचा कॅमेरॉन मॅकएव्हॉय २१.२५ सेकंदांत पहिला आला, ब्रिटनचा बेन प्राउड २१.३० मध्ये दुसरा आणि फ्रान्सचा फ्लोराँ मानोदू २१.५६ मध्ये तिसरा. पुढच्या वर्षी सिंगापूरला मॅकएव्हॉयने २१.१४ मध्ये जागतिक विजेतेपद घेतलं, प्राउड पुन्हा दुसरा आला आणि अमेरिकेचा जॅक अलेक्सी तिसरा.

फ्रीस्टाइलमध्ये कसंही पोहलं तर चालतं का?

नियमाने चालतं. पण क्रॉलपेक्षा, म्हणजे पालथं राहून आळीपाळीने एकेक हात मारत पोहण्यापेक्षा, वेगाने माणसाला पोहता येत नाही, म्हणून सगळे क्रॉलच करतात. बंधन एवढंच की सूर मारल्यावर पाण्याखालून जास्तीत जास्त १५ मीटर जाता येतं, तोवर डोकं पाण्याबाहेर यायलाच हवं.

एकच लांबी आणि जीव तोडून पोहायचं. यात डोकं लावण्यासारखं काय आहे?

हा प्रश्न सर्वांत जास्त वेळा येतो आणि या शर्यतीबद्दलचा सर्वांत मोठा गैरसमजही हाच आहे.

पोहणाऱ्याचा वेग सर्वांत जास्त कधी असतो? शेवटच्या दहा मीटरमध्ये नाही, मधेही नाही. काठावरच्या सुरुवातीच्या ठोकळ्यावरून झेप घेऊन तो पाण्यात शिरतो त्या क्षणी. तेव्हा त्याचा वेग पुढच्या पोहण्याच्या वेगाच्या जवळजवळ दुप्पट असतो. तिथून पुढे भिंतीपर्यंत वेग कमी होत जातो, सगळ्यांचाच, विजेत्याचासुद्धा. पहिल्या तारखेला पगार हातात पडावा आणि पुढे महिनाभर नुसता खर्चच असावा, तसा हा हिशेब आहे. ज्याचा खर्च सर्वांत कमी तो जिंकतो. टीव्हीवर एखादा शेवटी ‘मुसंडी मारतो’ असं वाटतं, तेव्हा बहुतेक वेळा त्याचा वेग वाढलेला नसतो. बाजूच्यांचा त्याच्यापेक्षा जास्त उतरलेला असतो.

हा वेग पाणी खातं. पाण्याचा विरोध वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो आणि तो तोडायला लागणारी शक्ती घनाच्या प्रमाणात. म्हणजे दहा टक्के जास्त वेग हवा असेल तर शक्ती तेहतीस टक्के जास्त लागते. नुसते हात जोरात मारून इतकी शक्ती कुठून आणणार? त्यापेक्षा विरोधच कमी करणं स्वस्त पडतं. डोकं खाली, कंबर पाण्याच्या वर, सूर मारल्यावर दोन्ही हात कानांमागे घट्ट आवळलेले आणि एका तळव्यावर दुसरा तळवा. आपल्याकडचा दहा-बारा वर्षांचा मुलगा सूर मारताना नीट पाहा. हात कोपरात वाकलेले, गुडघे दुमडलेले, हनुवटी वर, आणि पोट आधी आपटतं. फटकन आवाज येतो, गॉगल गळ्यात येतो. ठोकळ्यावरून मिळालेला सगळा वेग त्या आवाजातच गेला. मग आईवडील काठावरून ‘जोर लाव, जोर लाव’ ओरडतात. जोर तो लावतोच आहे बिचारा. जोर न लावता फुकट मिळालेला वेग कसा जपायचा, हे त्याला कुणी शिकवलेलं नसतं.

सुरुवातीलाच शर्यत जिंकली-हरली जाते, हे खरं आहे का?

बरंचसं खरं आहे. भोंगा वाजल्यापासून पाय ठोकळा सोडेपर्यंत चांगल्या पोहणाऱ्याला ०.६ सेकंदांच्या आसपास लागतात. आवाज सगळ्यांना एकाच वेळी ऐकू यावा म्हणून प्रत्येक ठोकळ्याला स्वतंत्र स्पीकर असतो. नाहीतर लांबच्या लेनमधल्याला तो उशिरा पोचला असता. ठोकळ्याच्या मागच्या बाजूला तिरकी फळी असते. तिच्यावर मागचा पाय टेकवून धावपटूसारखा रेटा देता येतो.

भोंग्याआधी हललात तर बाद. पहिली चूक माफ, असं आता नाही. चार वर्षांची तयारी आणि एका दचकण्यात खेळ खलास. म्हणून ‘टेक युअर मार्क्स’ आणि भोंगा यांच्या मधल्या क्षणात पुतळ्यासारखं उभं राहणं हासुद्धा सरावाचाच विषय असतो.

हे लोक मधे श्वास घेतच नाहीत?

फायनलमधले बरेचसे एकदाही घेत नाहीत, काही एकदा घेतात. श्वासासाठी डोकं वळवलं की शरीराची रेघ मोडते आणि वेग जातो. एकवीस सेकंद दम धरणं सशक्त माणसाला अवघड नाही. अवघड आहे ते पूर्ण ताकदीने हातपाय मारताना दम धरणं.

पण इथे एक गोष्ट फार कळकळीने सांगायची आहे. सुट्टीतल्या बॅचमध्ये पोरं पाण्याखाली दम धरण्याच्या पैजा लावतात. आधी भराभर खोल श्वास घेतात आणि मग बुडी मारतात. हे जिवावर बेतू शकतं. भराभर श्वासांनी शरीरातला कार्बन डायऑक्साइड कमी होतो. श्वास घ्यावासा वाटतो तो मुख्यतः त्याच्यामुळेच, त्यामुळे गुदमरल्याची जाणीव उशिरा होते. दरम्यान मेंदूला प्राणवायू कमी पडतो आणि काही धोका न जाणवता मुलगा पाण्याखालीच बेशुद्ध होतो. ना हात हलवणं, ना आरडाओरड. काठावरच्यांना वाटतं, अजून पैज चालू आहे. उत्तम पोहणारेही असे गेले आहेत. श्वास न घेता पोहण्याचा सराव मोठ्या वयात, कोच काठावर उभा असताना, छोट्या अंतरावरच करावा. पैजा तर आजच बंद करा.

एका शतांश सेकंदाने हरणं म्हणजे नेमकं किती अंतर?

साधारण दोन सेंटिमीटर. आणि हे आपल्याच माणसाच्या बाबतीत घडलं आहे. कोल्हापूरचा वीरधवल खाडे २०१८ च्या जाकार्ता आशियाई स्पर्धेत ५० मीटर फ्रीस्टाइलच्या फायनलमध्ये २२.४७ सेकंदांत आला. तिसऱ्या आलेल्या जपानी खेळाडूची वेळ २२.४६. वीरधवल चौथा. त्याच दिवशी सकाळी हीटमध्ये, म्हणजे प्राथमिक फेरीत, त्याने २२.४३ चा राष्ट्रीय विक्रम केला होता. ती वेळ संध्याकाळी पुन्हा लागली असती तर कांस्य त्याचं होतं. सकाळी जमलेलं संध्याकाळी चार शतांशांनी हुकलं, इतकीच ती गोष्ट. पण ज्यांनी ती फायनल पाहिली त्यांच्या मनातून ती अजून गेलेली नाही.

म्हणून शेवटच्या हाताला इतकं महत्त्व आहे. भिंत जवळ आली की दोन चुका होतात. एक, हात पुढे ठेवून घसरत जायचं, म्हणजे उरलेला वेग मरतो. दोन, घाईने एक अर्धवट हात जास्त मारायचा, म्हणजे तो हात हवेतून फिरून येईपर्यंत शेजारच्याची बोटं भिंतीला लागलेली असतात. बरोबर पूर्ण लांबीच्या हातावर भिंत यावी लागते आणि त्यासाठी आपले किती हात होतात हे पोहणाऱ्याला पाठ असावं लागतं. मुलं आणखी एक करतात: पोचलो का, हे बघायला शेवटी डोकं वर काढतात. डोकं वर आलं की खांदा मागे जातो आणि हातही मागे येतो. दोन सेंटिमीटर तिथेच गेले.

इतका बारीक फरक मोजतात कसा? दोघं सारखे आले तर?

भिंतीला पाण्यात एक पातळ फळी लावलेली असते, टच पॅड. ती जेमतेम सेंटिमीटरभर जाडीची असते. बोटांचा दाब पडला की घड्याळ थांबतं. लाटेच्या दाबाने ते थांबत नाही.

पूर्वी निकाल डोळ्यांनी द्यायचे. १९०४ च्या सेंट लुइस ऑलिंपिकमध्ये ५० यार्डांच्या शर्यतीत हंगेरीचा झोल्तान हलमाय आणि अमेरिकेचा स्कॉट लिअरी यांच्यात पहिला कोण यावर पंचांचंच एकमत होईना. हाणामारीपर्यंत गोष्ट गेली. शेवटी दोघांना पुन्हा पोहायला लावलं आणि हलमाय जिंकला.

मग उलट टोक गाठलं गेलं. १९७२ मध्ये म्युनिक ऑलिंपिकला ४०० मीटर मिडलेत (पोहण्याचे चारही प्रकार एकाच शर्यतीत) स्वीडनच्या गुन्नार लार्सनला सुवर्ण मिळालं ते सेकंदाच्या दोन सहस्रांशांनी. वेळा होत्या ४:३१.९८१ आणि ४:३१.९८३. अमेरिकेचा टिम मॅकी रौप्यावर राहिला. त्यानंतर सहस्रांश मोजणं थांबवलं, आणि त्यामागचं कारण अगदी रास्त आहे. ५० मीटर तलावाची लांबी तीन सेंटिमीटरपर्यंत जास्त असलेली नियमाला चालते. एका सहस्रांशात पोहणारा जातो दोन-सव्वादोन मिलिमीटर. दोन लेनच्या भिंतींतच त्याहून जास्त फरक असू शकतो, मग तेवढ्यावर कुणाचं सुवर्ण कसं काढून घ्यायचं?

म्हणून शतांश सारखे असतील तर पदक दोघांना. सिडनीत २००० साली या शर्यतीत अमेरिकेचे अँथनी अर्विन आणि गॅरी हॉल ज्युनिअर दोघेही २१.९८ मध्ये आले. दोघांनाही सुवर्ण मिळालं.

सगळे लेन चारकडेच का बघतात?

आधीच्या फेरीत ज्याची वेळ सर्वांत चांगली त्याला चार नंबरची लेन मिळते, दुसऱ्याला पाच, मग तीन, सहा अशी मांडणी बाहेरच्या बाजूला जाते. हीटमधून सोळा जण सेमीफायनलला आणि त्यातून आठ फायनलला. पण या शर्यतीत कडेच्या लेनवाल्यालाही कमी समजू नका. अंतर इतकं थोडं असतं की पहिला आणि आठवा यांच्यात बहुधा अर्ध्या-पाऊण सेकंदाचाच फरक असतो.

२००९ च्या विक्रमाबद्दल लोक नाक का मुरडतात?

ब्राझीलच्या सेझार सिएलोने १८ डिसेंबर २००९ ला साओ पाउलोमध्ये २०.९१ चा विश्वविक्रम केला. त्या काळात पॉलियुरेथेनचे अंगभर घट्ट पोशाख चालत. ते पाणी शोषत नसत, शरीर आवळून धरत आणि पोहणाऱ्याला पाण्यात जरा वर ठेवत. त्याच वर्षी रोमच्या जागतिक स्पर्धेत एकूण ४३ विश्वविक्रम मोडले. १ जानेवारी २०१० पासून त्या पोशाखांवर बंदी आली आणि पुरुषांना कमरेपासून गुडघ्यापर्यंतच, तेही कापडी, असा नियम झाला. सिएलोची वेळ त्यानंतर पंधरा वर्षांहून जास्त टिकली. कापडी पोशाखात अमेरिकेचा केलेब ड्रेसल २०१९ मध्ये २१.०४ पर्यंत आणि मॅकएव्हॉय २०२३ मध्ये २१.०६ पर्यंत आला, यावरून त्या पोशाखाने काय दिलं असेल याचा अंदाज येतो.

तरी सिएलोला कमी लेखणं मला पटत नाही. पोशाख सगळ्यांच्याच अंगावर होता, आणि त्याआधी २००८ च्या बीजिंग ऑलिंपिकचं सुवर्णही त्याचंच होतं.

बातम्यांत २० सेकंदांच्या आतली वेळही येते. मग विक्रम कुठला खरा?

दोन्ही. तो २५ मीटर तलावातला विक्रम आहे. तिथे मधे एक वळण येतं आणि भिंतीला पायांनी रेटा देऊन पुन्हा फुकटचा वेग मिळतो. डिसेंबर २०२४ मध्ये बुडापेस्टला केमन आयलंड्सच्या जॉर्डन क्रुक्सने १९.९० अशी वेळ दिली. वीस सेकंदांच्या आत येणारा तो पहिलाच. त्याच्या देशाची लोकसंख्या आपल्या बडोद्याच्या एखाद्या मोठ्या वॉर्डात मावेल. तुमच्या मुलाची वेळ कुणी सांगितली तर आधी विचारा, तलाव २५ चा की ५० चा? आणि घड्याळ हाताचं होतं का? हाताच्या स्टॉपवॉचवर वेळ थोडी कमीच लागते, कारण भोंगा ऐकून बटण दाबायला माणसाला उशीर होतो.

आमचा मुलगा बारा वर्षांचा आहे. उशीर झाला का?

अजिबात नाही. या शर्यतीतली माणसं पाहा. पॅरिसमध्ये मॅकएव्हॉय ३० वर्षांचा होता आणि मानोदू ३३ चा. अर्विनची गोष्ट तर विलक्षण आहे. २००० साली सुवर्ण, मग त्याने पोहणं सोडलं, पुढे त्सुनामीग्रस्तांसाठी ते पदक लिलावात विकून टाकलं, काही वर्षांनी परत आला आणि २०१६ मध्ये रिओला वयाच्या ३५ व्या वर्षी पुन्हा हीच शर्यत जिंकला, २१.४० मध्ये. मानोदू एका शतांशाने मागे होता.

या अंतराला ताकद लागते आणि ताकद पूर्ण वाढलेल्या शरीरातच येते. बारा वर्षांच्या मुलाला ‘स्प्रिंटर’ म्हणून वेगळं काढायची घाई करू नका. त्याला चारही प्रकार येऊ देत, सूर नीट येऊ दे, पाण्यात शरीर सरळ ठेवता येऊ दे.

रोज किती किलोमीटर पोहायला हवं?

यावर कोचमंडळींत वाद आहे. मॅकएव्हॉय आधी इतरांसारखाच किलोमीटर मोजत पोहायचा. टोकियो ऑलिंपिकनंतर तो काही काळ बाजूला झाला आणि परतला तेव्हा त्याने सरावच उलटा केला. पाण्यात थोडंच, पण पूर्ण वेगात, मधे भरपूर विश्रांती, आणि पाण्याबाहेर ताकदीचे व्यायाम. पदार्थविज्ञानाचा विद्यार्थी असल्याने हिशेबही त्याने स्वतःच मांडला. २०२३ नंतरचे त्याचे निकाल समोर आहेत.

हे लहानांना जसंच्या तसं लागू करू नये. त्यांच्या अंगात पोहण्याचा पाया अजून तयार व्हायचा असतो. पण एक भाग आजही घेता येईल: आठवड्यातून दोनदा, पाच-सहा वेळा फक्त पंधरा मीटर, पूर्ण जोरात, आणि प्रत्येक वेळी दम पूर्ण परत येईपर्यंत थांबून. थकलेल्या मुलाकडून वेगाचा सराव होत नाही, थकून हळू पोहण्याचा सराव होतो. आणि प्रो. माणिकरावांच्या जुम्मादादा व्यायाममंदिराच्या गावाला अंगमेहनतीचं महत्त्व वेगळं सांगायला नको. मल्लखांबावरच्या मुलाचे खांदे आणि पोट पाण्यात थेट कामाला येतात.

बडोद्यात शिकायचं कुठे? नदी-तलाव चालतील का?

लालबाग आणि सरदारबागला महानगरपालिकेचे तरणतलाव आहेत, तिथून सुरुवात करा. प्रवेशाचं वेळापत्रक आणि फी दर मोसमात तिथेच विचारून घ्या. विश्वामित्रीचं नावही काढू नका. तिच्यात मगरी आहेत आणि ऑगस्ट २०२४ च्या पुरात त्या वस्तीत, घरांपर्यंत आल्या होत्या. सूरसागर पाहण्यासाठी आहे.

सूर शिकण्याआधी तलावाची खोली विचारा. जिथे सुरुवातीचे ठोकळे असतात तिथे नियमाने किमान १.३५ मीटर पाणी लागतं, भिंतीपासून सहा मीटरपर्यंत. उथळ टोकाला सूर मारू देऊ नका, कोच सोबत असला तरी. मानेची दुखापत आयुष्यभराची असते.

भारतीय माणूस ऑलिंपिकची फायनल गाठेल का?

पॅरिसला थेट पात्र ठरायला वेळ लागत होती २१.९६ सेकंद. वीरधवलच्या २२.४३ पासून ते जवळपास अर्धा सेकंद लांब, आणि एवढ्या छोट्या शर्यतीत अर्धा सेकंद म्हणजे एक मीटरभर अंतर. ते सोपं नाही. पण आपल्याकडे काही घडलंच नाही असंही नाही. १९५१ च्या पहिल्या आशियाई स्पर्धेत दिल्लीत सचिन नाग यांनी १०० मीटर फ्रीस्टाइलचं सुवर्ण घेतलं होतं. वीरधवल सोळाव्या वर्षी बीजिंग ऑलिंपिकला गेला आणि २०१० मध्ये ग्वांगझूच्या आशियाई स्पर्धेतून ५० मीटर बटरफ्लायचं कांस्य आणलं. पोहण्यातलं ते भारताचं १९८६ नंतरचं पहिलं आशियाई पदक. २०२३ मध्ये गोव्याच्या राष्ट्रीय स्पर्धेत तो आणि त्याची पत्नी ऋजुता, दोघांनीही ५० मीटर फ्रीस्टाइल जिंकली. कमी पडतात ते चांगले ठोकळे, टच पॅड असलेले तलाव आणि सुरुवातीचा सूर लहानपणीच नीट शिकवणारी माणसं. या तिन्ही गोष्टी पैशाने आणि इच्छेने होण्यासारख्या आहेत.

ही शर्यत प्रत्यक्ष कुठे बघायला मिळेल?

२०२२ च्या राष्ट्रीय स्पर्धेचं पोहणं राजकोटला झालं. २०२५ ची आशियाई स्पर्धा अहमदाबादच्या नारणपुऱ्यातल्या वीर सावरकर क्रीडासंकुलात झाली, आणि २०३० ची राष्ट्रकुल स्पर्धा अहमदाबादलाच मिळाली आहे. बडोद्याहून गाडीने दोन तासांचा रस्ता. जाल तेव्हा फायनलच्या संध्याकाळइतकीच हीटची सकाळही धरा. हीटमध्ये एकामागून एक शर्यती लागतात आणि वेगवेगळे सूर, वेगवेगळे शेवटचे हात पाहायला मिळतात. जागा शेवटच्या भिंतीच्या बाजूला घ्या. भिंतीच्या पाच मीटर अलीकडे तलावावर आडवी पताकांची दोरी असते. डोकी तिच्याखालून गेली की चेहरे सोडा आणि फक्त हात बघा.